रेशन ऑफिसात सुनेचं नाव चढवलं: माझा अनुभव

भर मे महिन्यात, नागपूरच्या उन्हात, तीन चकरा झाल्या. आमचं प्राधान्य कुटुंबाचं केशरी कार्ड. त्यात सून आणि नातू, दोन नावं चढवायची होती. माणशी 5 किलो धान्य, तेही जानेवारी 2023 पासून फुकट. म्हणजे महिन्याचा 10 किलोचा फरक. आमच्या घरात तो फार मोठा आहे.

पहिली चक्कर वाया गेली. सुनेचं नाव भंडाऱ्याच्या माहेरच्या कार्डातून कमी केल्याचा दाखला लागतो, हे खिडकीवर पोचल्यावर कळलं. कागदांची यादी बाहेर भिंतीवर लावायला काय हरकत आहे? म्हाताऱ्या बाया लेकरं घेऊन पायऱ्यांवर बसल्या होत्या, प्यायला पाणी नाही. फाटकाशी एक जण पाचशे रुपयांत काम करून देतो म्हणत होता. मी दिले नाहीत, तुम्हीही देऊ नका.

खिडकीवरच्या बाई मात्र खरंच चांगल्या. नातवाच्या जन्मदाखल्यात अन् आधारात नावाचं स्पेलिंग वेगळं होतं, ते त्यांनीच पकडलं. "मावशी, आधी आधार दुरुस्त करा, नाहीतर अंगठ्याच्या वेळी अडेल," म्हणाल्या. तिसऱ्या चकरेत अर्ज घेतला, पोचपावती दिली. जून संपता संपता नावं चढली.