नेदर पोर्टलची ढोर-वाहतूक सेवा, तीन आठवडे वापरून पाहिली

आधीच सांगतो, हा अख्ख्या माइनक्राफ्टचा (ब्लॉकच्या, म्हणजे ठोकळ्यांच्या दुनियेचा कॉम्प्युटर गेम) रिव्ह्यू नाही. २०११ पासून लोक तो गेम खेळून राहिले, त्यात मी अजून काय नवीन सांगू. मी फक्त एका सोयीबद्दल लिहून राहिलो, ती म्हणजे अंगावर येणारी जनावरं नेदर पोर्टलमधून एका दुनियेतून दुसऱ्या दुनियेत न्यायची सोय. नेदर म्हणजे गेममधली खालची लाव्ह्याची दुनिया, आणि पोर्टल म्हणजे तिकडं जायचं दार. खेळतो जावा एडिशन (गेमची कॉम्प्युटरवरची आवृत्ती), सेकंडहँड लॅपटॉपवर, मोबाइलच्या हॉटस्पॉटवर लॅन करून, मी आणि माझा चुलतभाऊ (त्याला मी दादा म्हणतो, मोठा आहे दोन वर्षांनी). गाव यवतमाळ जिल्ह्यातलं, थ्री फेज लाइन रात्रीची असते म्हणून बाबा ओलितासाठी वावरात जातात आणि आम्ही इकडं बसतो, म्हणजे घरात झोप कोणालाच नसते.

आता काम काय होतं ते. मला गेममधल्या घराला फ्रॉगलाइट लावायचे होते. २०२२ च्या वाइल्ड अपडेटमध्ये आलेला दिव्याचा ब्लॉक आहे तो, क्राफ्ट करता येत नाही, बेडकानं बारका मॅग्मा क्यूब (उड्या मारत अंगावर येणारा आगीचा ठोकळा) गिळला की तो पडते. आणि बेडूक राहते वर दलदलीत, मॅग्मा क्यूब राहते खाली नेदरमध्ये लाव्ह्याशेजारी. दोघांची सोयरीक जमवायची तर एकाला तरी प्रवास करावाच लागते. आधी वाटलं बेडकाचं पिल्लू बादलीत घालून खाली न्यावं, पण नेदरमध्ये पाणी ओतलं की वाफ होऊन जाते, पिल्लू तिथंच तडफडून मरते. आमच्या विहिरीचं मे महिन्यात तसंच होते, पण ते जाऊ द्या. म्हणून ठरवलं का मालच वर आणू.

पोर्टल बांधायला खर्च काही नाही, चार बाय पाचची चौकट, कोपरे सोडले तर १० ऑब्सिडियन (काळा टणक दगड), फ्लिंट अँड स्टीलनं, म्हणजे चकमकीनं, पेटवलं की चालू. पण एवढ्याशा दारातून मोठा मॅग्मा क्यूब धड आत शिरत नाही, चौकटीला धडकत बसते, म्हणून मी दार मोठं केलं. २३ बाय २३ पर्यंत करता येते, तेवढं करायची गरज नाही पडली.

पहिली गोष्ट जी कोणी सांगत नाही, आपल्याला पोर्टलमध्ये ४ सेकंद उभं राहावं लागते आणि जनावराला शून्य. टेकलं की गायब. मी आपला क्यूबला मागं लावून आणलं, पोर्टलमध्ये उभा राहिलो, तेच उडी मारून माझ्या आधी वर. म्हणजे माल आधी पोचते आणि मालक मागून, असा टेम्पो मी तरी कुठं पाहिला नाही. मी वर येऊन पाहतो तर माझ्याच अंगणात माझाच आयर्न गोलेम (लोखंडी राखणदार) त्याला बदडून राहिला. मोठा क्यूब मेला की त्याचे बारके होतात ना, गोलेमनं ते बारके पण एक एक करून संपवले. बेडूक बिचारा तीन ब्लॉकवर बसलेला, पाहत होता. गोलेम मीच बनवला होता, लोखंड मीच घातलं होतं, त्यामुळं शिव्या कोणाला देणार.

दुसऱ्या दिवशी गोलेमला भिंतीच्या पलीकडं कोंडला आणि परत एक क्यूब पाठवला. पाठवला म्हणजे आपल्या हिशोबानं पाठवला. वर येतो तर काही नाही. पाच मिनिटं शोधलं, मग दादा ओरडला, "अबे, हे काय आलं माह्या घरात?" पोचलं होतं ते, पण दादाच्या पोर्टलमधून, धान्याच्या खोलीत. हे का झालं हे समजायला दोन संध्याकाळी गेल्या, म्हणून नीट सांगतो. नेदरमधला १ ब्लॉक म्हणजे वरचे ८. माझं आणि दादाचं पोर्टल वर ८० ब्लॉक लांब, म्हणजे खाली फक्त १०. खाली जाताना गेम १६ ब्लॉकच्या आत जुनं पोर्टल दिसलं तर नवं बांधतच नाही, तिथंच घेऊन जाते, म्हणून आम्ही दोघं एकाच पोर्टलमध्ये निघायचो. परत येताना मात्र ज्याच्या जवळ ते पडलं त्याच्याकडं, आणि जवळ पडलं होतं दादाकडं. उपाय एकच, एफ३ दाबून आपल्या वरच्या पोर्टलचे आकडे घ्यायचे, एक्स आणि झेड दोन्हीला ८ नं भागायचं (उंचीला नाही भागायचं, मी ते पण करून बसलो होतो) आणि खाली त्या जागेवर आपलं वेगळं पोर्टल बांधायचं. शेजाऱ्याच्या धुऱ्यावरून वाद होतात तसं आहे, मोजणी करून घेतली की भांडण मिटते.

आता हॉग्लिनचं. हा दादाचा हट्ट. हॉग्लिन म्हणजे नेदरमधला रानडुकरासारखा दांडगा प्राणी, मारला की मटण आणि चामडं दोन्ही देते. दादा म्हणे वर आणून गोठ्यात पाळू. नेम टॅग (नावाची चिठ्ठी) लावून नाव पण ठेवलं, सर्जा. नेम टॅग लावायलाच पाहिजे बरं का, नाहीतर अंगावर येणारी जनावरं आपण ३२ ब्लॉकच्या पुढं गेलो की गायब व्हायला लागतात आणि १२८ च्या पुढं तर लगेच. आणि नाव असलं तरी कोणी चुकून डिफिकल्टी पीसफुलवर (शत्रू नसलेली पातळी) केली की बहुतेक साफ, तिथं नेम टॅग कामाचा नाही.

हॉग्लिनला लीड लावता येते, म्हणजे आपला दोर, बाकीच्या बहुतेक शत्रू जनावरांना लावता येत नाही. दोर लावला, ओढत आणला, आणि पोर्टल दिसलं की गडी मागं फिरला. परत ओढला, परत मागं. खरंच असते हे, हॉग्लिन नेदर पोर्टलला भितात, तसंच गेममध्ये ठेवलं आहे. वरून जवळ गेलं की डोक्यावर घेऊन फेकून देते. अर्धा तास हाच तमाशा.

आबाजी बाजेवर बसून पाहत होते. त्यांना गेममधलं ओ की ठो कळत नाही, पण म्हणाले, "ढोर चढून नाई राह्यलं ना गाडीत?" मी म्हटलं हाव. "मंग गाडी धुऱ्याले लाव ना राजा. पाय उचलाव लागला का ढोर अडते. अन् तू पुढून काऊन वढतं, त्याच्या तोंडाम्होर नोको राहू."

आम्ही आमचा जुना बैल बाजारात नेला होता तेव्हा हेच केलं होतं, टेम्पो उलटा घेऊन धुऱ्याला टेकवला, फळी टाकली आणि बैल सपाटीवरून चालत आत गेला, त्याला कळलंच नाही की तो गाडीत आहे. मी लगेच पोर्टलच्या खालचे ऑब्सिडियन जमिनीत एक ब्लॉक गाडले, म्हणजे उंबरठाच नाही राहिला. आणि दोर घेऊन मी पोर्टलच्या दुसऱ्या बाजूला जाऊन उभा राहिलो, म्हणजे मी, मधी पोर्टल, पलीकडं सर्जा. दोर ताणला, सर्जा घसरत आला, पोर्टलला टेकला, गेला. दोर खाली पडला. आबाजी म्हणाले झालं न, आणि पान-सुपारीचा डबा घेऊन झोपायला गेले.

वरचं मात्र काही झालं नाही असं म्हणता येत नाही. हॉग्लिन ओव्हरवर्ल्डमध्ये, म्हणजे वरच्या दुनियेत, १५ सेकंद राहिला की झोग्लिन होते. झोग्लिन म्हणजे सडका हॉग्लिन, आणि तो समोर दिसेल त्याच्या अंगावर जाते, क्रीपर (जवळ येऊन फुटणारा शत्रू) आणि दुसरा झोग्लिन सोडून. दादाला हे माहीत होतं का, तर म्हणे वाचलं होतं पण इतक्या लवकर होते हे ध्यानात नव्हतं. दादाच्या गोठ्यात सात गाई होत्या. मी ४ सेकंद पोर्टलमध्ये उभा राहून, दार उघडून पोचलो तोपर्यंत थरथर सुरू झाली होती, मग रंग बदलला, मग आवाज बदलला, आणि मग गाई. नाव मात्र तेच राहिलं, डोक्यावर सर्जा. पिग्लिनचं (नेदरमधली डुकरतोंडी माणसं) पण असंच होते, १५ सेकंदात झोंबिफाइड, म्हणजे सडका, म्हणून ही दोन जनावरं वर न्यायच्या भानगडीत पडू नका. उलट झोंबिफाइड पिग्लिन तर पोर्टलमधून न मागवता आपोआपच येतात वर, त्यांना मारू नका, एकाला मारलं की आजूबाजूचे सगळे धावून येतात.

क्यूबचं काम शेवटी असं जमलं. वरच्या पोर्टलभोवती दगडाची खोली, वर छत, एकच बोळ ठेवला एक ब्लॉक रुंदीचा, बोळाच्या शेवटी काच, काचेमागं मी आणि काचेच्या अलीकडं खड्ड्यात बेडूक. खाली दादा, तो क्यूब फोडून बारके करून पोर्टलकडं आणायचा. नाव एका मोठ्या क्यूबला गब्ब्या ठेवलं होतं, तो फुटला तर बारक्यांचं पण नाव गब्ब्याच, तीन गब्ब्या. बारका क्यूब पोर्टलमधून टपकतो, उड्या मारत बोळातून येतो, बेडकाची जीभ एवढी लांब बाहेर, लाल, आणि टप्प. खाली पिवळा फ्रॉगलाइट पडलेला. रात्रीचे सव्वादोन. लाइन तेव्हाच गेली, पण लॅपटॉपला बॅटरी वीस मिनिटं पुरते (बॅटरी बदलून देतो म्हणून तालुक्याच्या एका दुकानदारानं पैसे घेतले ते वेगळंच), त्यात अजून चार काढले. नारिंगी बेडूक असला तर पिवळा मिळते, हिरवा असला तर हिरवा, पांढुरका असला तर जांभळट. आमच्याकडं नारिंगीच होता.

घास्टबद्दल (नेदरमधला उडणारा, आगीचे गोळे फेकणारा शत्रू) थोडंच लिहितो कारण आम्ही हरलो. घास्टला जिवंत वर आणून तिथं मारलं तर जावामध्ये अनइझी अलायन्स नावाची ॲडव्हान्समेंट (गेममधली शाबासकी) मिळते. घास्ट चार ब्लॉक रुंद, म्हणजे पोर्टल प्रशस्त लागते, फिशिंग रॉडनं गळ टाकून ओढता येते. पण त्याचा एक गोळा पोर्टलवर बसला की पोर्टल विझते, आणि फ्लिंट अँड स्टील वर पेटीत ठेवून आला असाल तर राहा तिथंच. आम्ही पेटीत ठेवून आलो होतो. विदर आणि एंडर ड्रॅगनला (गेममधले सगळ्यात मोठे शत्रू) तर पोर्टलचं तिकीटच नाही, प्रयत्न करू नका. आणि घास्ट पाळायचाच असेल तर २०२५ च्या अपडेटमध्ये सुकलेला घास्ट पाण्यात ठेवून हॅपी घास्ट करता येते, चार जण बसतात त्याच्यावर, कशाला जीव टांगणीला लावता.

स्टार द्यायचे तर पाचपैकी साडेतीन. वेळेला पूर्ण मार्क, एसटीपेक्षा कधीही भारी. अर्धा कापला तो चुकीच्या घरी माल उतरवण्याबद्दल, जरी मोजणी माझीच चुकली होती तरी कापला. आणि एक पूर्ण कापला सर्जाबद्दल, कारण दारावर एक पाटी तरी पाहिजे होती.

सर्जा अजून दादाच्या गोठ्यातच आहे. नाव असल्यामुळं तो गायब होत नाही आणि दोघांपैकी कोणालाच त्याला मारावंसं वाटत नाही. दादानं नवा गोठा नदीपलीकडं बांधला.