कियांतीच्या टेकड्यांत अर्धा दिवस: साक्रीच्या द्राक्षवाल्याने पाहिलेली वाइन टूर

मी साक्री तालुक्यातला. पिंपळनेरच्या बाजूला आमची साडेचार एकर द्राक्षबाग आहे, बहुतेक थॉमसन आणि थोडी सोनाका. लेक-जावई जर्मनीत, म्युनिकला असतात. सप्टेंबरअखेरीस बागेतली काडी पिकली होती आणि ऑक्टोबर छाटणीला अजून तीन आठवडे होते, म्हणून मी आणि सौ. पंधरा दिवसांसाठी लेकीकडे गेलो. तिथून तिने आम्हाला इटलीत फ्लॉरेन्सला नेलं आणि कियांतीची, म्हणजे फ्लॉरेन्स आणि सिएनामधल्या वाइनच्या टेकड्यांची, अर्ध्या दिवसाची वाइन टूर बुक केली. घरच्यांना वाटलं हे थोडं फिरतील. मला मात्र कारण वेगळं होतं.

२००१ साली राज्य सरकारचं द्राक्ष प्रक्रिया धोरण आलं, तेव्हा आमच्या भागातही वाइनच्या द्राक्षांची हवा झाली. २००६ साली मी एका कंपनीशी करार करून एक एकर शिराझ ही वाइनची जात लावली. दोन वर्षं माल गेला. तिसऱ्या वर्षी कंपनीने फोन उचलणं बंद केलं. वाइनची द्राक्षं बाजारात खाण्यासाठी कोण घेणार? मणी बारीक, साल जाड, आत बिया. माल वेलीवरच वाळला आणि पुढच्या उन्हाळ्यात मी ती बाग जेसीबीने काढली. त्या दिवसापासून एक प्रश्न मनात होता: हेच द्राक्ष लावून तिकडची गावं शेकडो वर्षं कशी उभी राहिली? टूरकडे मी त्या प्रश्नासाठी गेलो, आणि हे परीक्षणही त्याच नजरेचं आहे.

कंपनीचं नाव लिहीत नाही. फ्लॉरेन्सच्या सांता मारिया नोव्हेल्ला स्टेशनाजवळून रोज अशा टूर निघतात, त्यातलीच ही एक. माणशी ४९ युरो, दुपारी अडीचला निघायचं, रात्री आठपर्यंत परत. एक लहान वायनरी, मध्ये ग्रेव्हे गावात थांबा, मग एक मोठी वायनरी. गाइड इंग्रजीत बोलत होती, लेक आम्हाला मराठीत सांगत होती. बसमध्ये चाळीसेक माणसं होती. ही संख्या लक्षात ठेवा, कारण पुढची माझी सगळी तक्रार तिच्यातूनच निघते.

फ्लॉरेन्स ते सिएना जाणारा जुना रस्ता म्हणजे कियांतीजाना, राज्यमार्ग २२२. वळणं अशी की कोंडाईबारी घाट आठवावा, फक्त उतार कमी आणि डांबर गुळगुळीत. सौ.ला गाडी लागते, तिने तोंडात आवळासुपारी ठेवली होती. तुम्हालाही लागत असेल तर पुढची सीट मागून घ्या. बसमध्ये शौचालय नाही, निघण्याआधी स्टेशनावर जाऊन या.

मला वाटलं होतं टेकड्याभर नुसत्या द्राक्षबागा असतील. तसं नाही. निम्म्याहून जास्त डोंगर ओक-चेस्टनटच्या जंगलाने झाकलेला, मध्ये मध्ये बागेचे तुकडे, बांधाला ऑलिव्ह, घराकडे जाणाऱ्या वाटेला सरळसोट सुरूसारखी सायप्रसची झाडं. आमच्याकडे डोंगर म्हटला की उघडा-बोडका, झाड दिसलं तर ते साग नाहीतर बोर. इथे बाग आणि जंगल एकमेकांच्या अंगावर होते. रानडुकरं फार, म्हणून बागांना कुंपण, हे गाइडने सांगितलं आणि मी लगेच मान डोलावली. ते दुखणं आपलंही आहे.

पहिली वायनरी एका म्हाताऱ्या बाईंची. काढणी चालू होती, मजूर ओळीत होते, क्रेट भरून ट्रॅक्टरकडे जात होते. इथेच माझे पैसे वसूल झाले. बाई इटालियनमध्ये बोलत, गाइड इंग्रजीत, लेक मराठीत, आणि तरीही मला प्रत्येक वाक्य पोचत होतं, कारण हात दाखवत होते ते मला रोजचंच होतं.

जमीन पाहिली. पत्र्यासारखे पापुद्रे सुटणारा करडा दगड, बोटाने चुरा होतो. त्याला ते गॅलेस्ट्रो म्हणतात. आपल्या मुरमाचाच भाऊबंद समजा. वेली मांडवावर नाहीत, तारेवर, कमरेइतक्या उंचीच्या. वर्षात एकच छाटणी, हिवाळ्यात, वेल झोपलेली असताना. आपल्याला एप्रिलची खरड आणि ऑक्टोबरची छाटणी अशा दोन कराव्या लागतात, कारण आपल्या उन्हात वेल झोपतच नाही. आपण तिला कात्रीने उठवतो. हे बाईंना लेकीकडून सांगितलं तेव्हा त्या थांबल्या आणि उलट मलाच प्रश्न विचारू लागल्या: मग तुमच्या वेलीचं आयुष्य किती? मी म्हटलं, बारा-पंधरा वर्षं चांगलं उत्पन्न, मग ती थकते. त्यांनी शेजारच्या ओळीवर हात ठेवला. ती त्यांच्या नवऱ्याने लावली होती, चाळीस वर्षांपूर्वी.

मी खिशात रिफ्रॅक्टोमीटर, म्हणजे रसातली साखर मोजायचं यंत्र, नेला होता. द्राक्षवाला घराबाहेर पडला की तो सोबत असतोच. विचारून एक मणी घेतला, दोन थेंब काचेवर टाकले, उजेडाकडे धरलं. २३ ब्रिक्स, म्हणजे शंभरात साधारण २३ भाग साखर! आम्ही थॉमसन १७-१८ ला व्यापाऱ्याला देतो. मणी मटारपेक्षा थोडा मोठा, साल चिवट, दोन-तीन बिया, आणि गोडीच्या मागून येणारा आंबटपणा जिभेवर रेंगाळतो. जात सांजोव्हेसे. इथल्या वाइनचं नाव कियांती क्लासिको, बाटलीवर काळ्या कोंबड्याचं चिन्ह. ते मिळवायचं तर बाटलीत किमान ८० टक्के हीच हवी.

मग उत्पन्न विचारलं. हेक्टरी ७५ क्विंटलच्या वर गेलात तर ते नाव लावता येत नाही. म्हणजे एकरी ३० क्विंटल. आम्ही एकरी १०० क्विंटल काढतो आणि १२० का निघाले नाहीत म्हणून रात्र-रात्र झोपत नाही. तिथे बाई जुलै-ऑगस्टमध्ये चांगले घड कापून जमिनीवर टाकतात, म्हणजे उरलेल्यांत रस उतरावा. विरळणी आपणही करतो, पण मणी फुगावा म्हणून. त्यांची विरळणी चवीसाठी. किलो-सव्वा किलो द्राक्षांची एक बाटली होते. बाईंच्या दारात ती २२ युरोला, म्हणजे दोन हजार रुपयांच्या आसपास विकली जाते. माझ्या द्राक्षांना मागच्या हंगामात जागेवर ३५ रुपये किलो मिळाले. मध्ये पिंप, तळघर, वर्षभराची वाट आणि कामगार आहेत, ते धरूनही मी त्या बांधावर बराच वेळ गप्प उभा होतो.

बागेत आम्हाला मिळाली फक्त पंधरा मिनिटं.

चाळीस माणसांना दोन ओळींमध्ये उभं करायचं म्हणजे मागच्यांना ऐकू जात नाही, पुढच्यांचे फोटो संपत नाहीत, आणि गाइड घड्याळ बघते. तळघर मात्र नीट दाखवलं. ओकची मोठी पिंपं, थंडावा आणि आंबूस वास. साधी कियांती क्लासिको काढणीनंतर निदान वर्षभराने बाजारात येते, जास्त मुरवलेल्या रिझेर्वाला २४ महिने, आणि सगळ्यात वरच्या ग्रान सेलेझिओनेला ३० महिने. वरच्या माळ्यावर गेलो तर मी सौ.ला हाक मारली, कारण तिथे दोऱ्यांना घड टांगून सुकवायला ठेवायची जागा होती. आपला बेदाणाच की! फरक इतका की ते हिवाळ्यापर्यंत सुकलेले घड पिळतात, छोट्या पिंपांत भरून वर्षानुवर्षं माळ्यावरच ठेवतात, थंडी-ऊन सगळं सोसू देतात. त्या गोड वाइनला विन सांतो म्हणतात आणि बदामाच्या कडक बिस्किटांसोबत देतात.

आता चाखण्याबद्दल. मी वर्षातून दोनदा घेणारा माणूस, त्यामुळे बेरी, तंबाखू, चामडं असे वास मला सापडले नाहीत, तसं लिहिणार नाही. साधी वाइन मला तुरट लागली. रिझेर्वा मात्र घोट गिळल्यावरही मिनिटभर तोंडात राहिली. नको असेल तर ओतायला भांडं ठेवतात, संकोच करू नका. सौ. घेत नाही. तिचे पैसे तेवढेच घेतले होते आणि बुकिंगच्या वेळी न पिणाऱ्यांसाठी काही सोय सांगितली नव्हती, हे मला पटलं नाही. पण बाईंच्या लक्षात आलं. त्या आत गेल्या आणि नुकताच पिळलेला, अजून न आंबलेला रस पेलाभर घेऊन आल्या. सौ. म्हणाली, “काकवीसारखा आहे हो, पण हलका.” हे कंपनीने नाही केलं, त्या बाईंनी केलं.

शाकाहारींसाठी महत्त्वाचं. ताटलीत डुकराचं मांस येतं, आधी सांगितलं तर त्याऐवजी भाजी आणि चीज देतात. पण पेकोरिनो हे मेंढीच्या दुधाचं चीज पारंपरिक पद्धतीने करताना दूध गोठवायला जनावराच्या पोटातून काढलेलं रेनेट घालतात. माळकरी असाल तर ते खाऊ नका, पावावर ऑलिव्हचं तेल घ्या. तो पाव अळणी असतो, तोस्काना या प्रांताची ती रीतच आहे. आम्ही पिशवीतली लसणाची चटणी काढली, तेलात कालवली आणि पावाला लावली. बाईंनीही बोटाने चाखली, डोळ्यांत पाणी आलं तरी दुसऱ्यांदा घेतली.

ग्रेव्हेला चाळीस मिनिटं. गावचा चौक त्रिकोणी आहे, तिन्ही बाजूंना कमानींचे ओटे, पावसात न भिजता सगळा बाजार करता येईल असे. मध्ये जोव्हान्नी दा व्हेरात्सानो या दर्यावर्द्याचा पुतळा. जवळच्याच वाड्याशी त्याचं घराणं जोडलेलं, आणि १५२४ साली तो न्यूयॉर्कच्या खाडीत पोचला होता. वर टेकडीवर मोंतेफिओराल्ले हे तटबंदीतलं इवलं गाव दिसतं. तिथे जायला वेळ नव्हता. टूरच्या नावात टेकडीवरची गावं असतील आणि तुम्ही खालच्या गावात उतरून वरचं गाव मान वर करून बघणार असाल, तर ते बुकिंगच्या पानावर स्पष्ट लिहायला हवं.

बसमध्ये गाइडने सांगितलेला इतिहास मात्र उत्तम होता. १७१६ साली तोस्कानाचा सत्ताधीश, ग्रँड ड्यूक कोसिमो तिसरा याने फर्मान काढून कियांतीच्या सीमा आखल्या: रादा, गायोले, कास्तेल्लिना, ग्रेव्हेचा भाग. सीमेबाहेरच्या मालाला ते नाव नाही. १९२४ मध्ये ३३ बागायतदार रादाला जमले आणि त्यांनी संघ काढला. चिन्ह घेतलं काळा कोंबडा. नाव गाजलं तसे आजूबाजूचेही कियांती म्हणून विकू लागले, म्हणून १९३२ मध्ये मूळ भागाला क्लासिको हा शब्द जोडला गेला. मधल्या काळात गवताने विणलेल्या पोटाळ बाटलीतली स्वस्त वाइन म्हणून नाव खालीही आलं. मग १९८४ मध्ये कडक नियम आले, आणि २००६ च्या काढणीपासून पांढरी द्राक्षं मिसळणं बंद झालं. म्हणजे हे सगळं आपोआप जमलेलं नाही. पडले, पुन्हा नियम घट्ट केले, पुन्हा उभे राहिले.

मला माझ्या शिराझचं उत्तर तिथे मिळालं. मी कंपनीसाठी द्राक्ष लावलं होतं. त्या बाई गावाच्या नावासाठी लावतात, आणि नाव राखायला ३३ जणांनी सुरू केलेला संघ आहे. आपल्याकडे जळगावच्या केळीला २०१६ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं. तो कागद आणि बाटलीच्या गळ्यावरचा कोंबडा एकाच जातीचे आहेत. पण केळीच्या घडावर ते चिन्ह मी आमच्या धुळ्याच्या बाजारात अजून पाहिलेलं नाही.

दुसऱ्या, मोठ्या वायनरीबद्दल लिहिण्यासारखं कमी आहे. चकाचक हॉल, लांब टेबलं, चार पेले, आणि तिसऱ्या पेल्यापासून ऑर्डरचा कागद. सहा बाटल्यांची पेटी घरपोच पाठवतो म्हणत होते. भारतात मागवण्याच्या फंदात पडू नका, आयात शुल्क जबर आहे. विमानातून प्रौढ माणसाला दोन लिटरपर्यंत शुल्काशिवाय आणता येते, म्हणून मी बाईंच्याच दोन बाटल्या घेतल्या, सौ.च्या साडीत गुंडाळून आणल्या. एकही फुटली नाही.

पाचपैकी साडेतीन तारे. पहिल्या वायनरीला आणि गाइडला पूर्ण, चाळीस माणसांच्या गर्दीला आणि दुसऱ्या थांब्याला नाही. नाशिक, बागलाण, साक्रीकडचे कोणी द्राक्षवाले जाणार असतील तर सप्टेंबरच्या शेवटच्या आठवड्यात जा, आठ-दहा माणसांची गाडी मिळेल ती घ्या, थोडे पैसे जास्त गेले तरी चालतील, आणि बुक करतानाच विचारा: बागेत किती वेळ? रिफ्रॅक्टोमीटर सोबत ठेवा.

दुसऱ्या दिवशी सकाळी गावाकडे आप्पांना फोन केला. वय ८४, आता बागेत जात नाहीत, पण छाटणीची तारीख अजून तेच ठरवतात. सगळं ऐकून घेतलं आणि पहिला प्रश्न आला, “यास्ना वावरले पानी कथाईन येस?”

मी सांगितलं, पावसाचं. अगदीच वेल मरायला लागली तरच पाणी द्यायची मुभा आहे.

थोडा वेळ काही बोलले नाहीत. मग विचारलं, “आनि मजूरस्ले काय देतस?”

ते मला बाईंना विचारायचंच होतं. लेक वाक्य जुळवत होती आणि ड्रायव्हरने हॉर्न दिला.