वाळूत पकडलेला ट्रॅक्टर: तहसीलमधून सोडवायचा की कोर्टातून?

मौद्याकडच्या एका भाऊचा ट्रॅक्टर वाळू नेताना धरला, त्यानं विचारलं, दंड भरू का वकील लावू? आधी जप्तीचा कागद बघ भाऊ, गाडी तहसीलदारानं धरली का पोलिसांनी, सगळं तिथंच ठरते.

खर्चात तहसील जड. महसूल अधिनियमाच्या कलम ४८ खाली वाळूच्या बाजारभावाच्या पाचपट पर्यंत दंड, शिवाय गाडी सोडायचा वेगळा दंड अन् हमीपत्र, पण सगळं भरलं की गाडी सुटते. तहसीलदाराचा दंडाचा आदेश चुकीचा वाटला तर ६० दिवसांत एसडीओकडे, म्हणजे उपविभागीय अधिकाऱ्याकडे, अपील करता येते.

पोलिसांनी चोरीचा गुन्हा लावला असन तर कोर्टात सुपुर्दनाम्याचा अर्ज, म्हणजे केस चालू असताना गाडी ताब्यात मागायचा अर्ज, बीएनएसएस (नवा फौजदारी प्रक्रिया कायदा) कलम ५०३, जुन्या सीआरपीसीचं ४५७. इथं दंड लगेच नाही, बॉण्ड अन् वकिलाची फी, पण तारखा पडतात अन् केस संपेपर्यंत गाडी विकता येत नाही. गाड्या ठाण्यात सडवू नका हे सुप्रीम कोर्टानं २००२ मध्येच सुंदरभाई देसाई प्रकरणात सांगितलं, ते अर्जात लिहाच. मी स्वतः पाहिलं, एका पावसाळ्यात ट्रॉलीचा पत्रा गंजून बोट आरपार गेलं.

तहसीलची जप्ती अन् हंगाम तोंडावर असन तर दंड भरून गाडी आणा, अपील मागून. पोलीस केस असन तर कोर्टच बरं.