पाकिटावरचे तिकीट सोडवताना: पाणी, ओलावा, द्रावक की नुसती कात्री?

वापरलेले टपाल तिकीट कागदावरून सोडवायचे तीन मार्ग आहेत: पाण्यात भिजवणे, नुसत्या ओलाव्याने सैल करणे आणि द्रावकाने गोंद विरघळवणे. चौथा मार्ग म्हणजे ते सोडवायचेच नाही, कागदाच्या तुकड्यासकट ठेवायचे. तिकिटाच्या पाठीला कुठला गोंद आहे आणि तोंडावरची शाई पाण्यात टिकते का, या दोन प्रश्नांवर निवड ठरते. सगळा ढीग एकाच भांड्यात ओतला की त्यातली काही तिकिटे हमखास वाया जातात.

कात्री लावण्याआधी

पूर्ण पाकीट हाती असेल तर आधी शिक्का बघा. गाव आणि तारीख स्वच्छ वाचता येत असेल, शिक्का अर्धा तिकिटावर आणि अर्धा पाकिटावर पडला असेल, रजिस्टर्डचे लेबल, सेन्सॉरची पट्टी किंवा पत्र परत फिरल्याच्या खुणा असतील, तर पाकीट तसेच ठेवा. पत्र कोणत्या दराने, कोणत्या वाटेने आणि किती दिवसांत पोचले, हे पाकीट सांगते. सुट्या तिकिटाला त्यातले थोडेच सांगता येते. एकोणिसाव्या शतकातले पाकीट तर जाणकाराला दाखवल्याशिवाय कापूच नये.

उरलेल्या पाकिटांवरची तिकिटे भोवती साधारण १ सेंटीमीटर कागद सोडून कापा. पाकिटाची मागची बाजू काढून टाका, नाहीतर पाणी गोंदापर्यंत पोचायला उगाच वेळ लागतो. छिद्रांच्या दात्यांना कात्री लागली तर ते तिकीट सदोष ठरते, म्हणून कडेला घासून कापण्याची हौस नको.

मग चार ढीग करा: पांढऱ्या कागदावरची साधी तिकिटे, रंगीत किंवा तपकिरी कागदावरची, स्वयंचिकट (स्टिकरसारखी, न ओलवता चिकटणारी), आणि शाईबद्दल शंका असलेली. स्वयंचिकट तिकीट कडेवरून ओळखता येते. छिद्रांवरून फाडलेल्या तिकिटाच्या दात्यांच्या टोकाला भिंगातून कागदाचे तंतू दिसतात. स्वयंचिकटाची कड साच्याने कापलेली असल्याने गुळगुळीत असते.

पाणी: बहुतेक तिकिटांसाठी पुरेसे

पाठीला पारंपरिक गोंद असेल, तर पाण्यापेक्षा सोपा आणि निर्धोक उपाय नाही. बाभळीच्या जातीचा डिंक आणि डेक्स्ट्रिन (स्टार्चपासून केलेला गोंद) लवकर विरघळतात. पुढच्या काळात आलेला पॉलिव्हिनाइल अल्कोहोलचा कृत्रिम गोंद जास्त वेळ घेतो, पण सुटतो.

पसरट भांड्यात ४–५ सेंटीमीटर कोमट पाणी घ्या, हाताला जेमतेम उबदार लागेल इतकेच. गरम पाण्याने काम लवकर होते, पण त्याच गतीने शाई आणि पाकिटाचा रंगही सुटतो. एका वेळी २०–२५ तुकडे टाका, तोंड वर ठेवून, एकमेकांवर न चढवता. साध्या गोंदाला १५–२० मिनिटे लागतात, कृत्रिम गोंदाला पाऊण तासापर्यंत. तिकीट आपोआप सरकू लागले की ते तयार झाले. अडत असेल तर ओढू नका, पुन्हा पाण्यात सोडा. ओला कागद फार कमकुवत असतो. कोपरा किंवा दाते जातात ते याच क्षणी. कागद चिकटून राहिलाच, तर तिकीट पालथे सपाट धरून त्यावरून कागद सोलायचा. कागदावरून तिकीट सोलले तर ते दुमडून रेघ पडते, आणि ती रेघ पुढे कितीही दाबून जात नाही.

सुटलेले तिकीट दुसऱ्या भांड्यातल्या स्वच्छ पाण्यात ५–१० मिनिटे ठेवा. पाठीवरून हलके बोट फिरवल्यावर बुळबुळीत लागले तर गोंद शिल्लक आहे. ही पायरी गाळली जाते आणि मग तिकिटे वाळताना गोल गुंडाळतात किंवा टीपकागदाला चिकटून बसतात. राहिलेला गोंद वाळताना आकसतो आणि कागदालाही आपल्याबरोबर ओढतो. पहिल्या भांड्यातले पाणी दर खेपेला बदला. पाण्यात साबण किंवा कपड्याची पावडर अजिबात नको, कारण तिच्यातली चमक आणणारी रसायने कागदात राहतात आणि अतिनील दिव्याखाली तिकीट भलतेच उजळते. मग फॉस्फरच्या, म्हणजे अतिनील प्रकाशात चमकणाऱ्या द्रव्याच्या पट्ट्यांवरून छपाईचे प्रकार ओळखणे अशक्य होते.

वाळवताना तिकिटे पालथी, स्वच्छ पांढऱ्या टीपकागदावर. वर्तमानपत्राची शाई उतरते आणि नक्षी उठवलेल्या किचन टॉवेलची नक्षी तिकिटावर उमटते, त्यामुळे दोन्ही नकोत. अर्ध्या तासाने, तिकिटे किंचित दमट असतानाच, दोन कोऱ्या टीपकागदांमध्ये ठेवून वर जाड पुस्तके रचा आणि रात्रभर सोडून द्या. पूर्ण वाळून गुंडाळलेले तिकीट कोरडे दाबून सरळ करू गेल्यास चिरते. ते आधी पुन्हा ओलवावे लागते.

लाल, हिरव्या किंवा तपकिरी कागदावरचे तुकडे स्वतंत्र भांड्यात, थंड पाण्यात, एका वेळी ४–५ इतकेच. पाण्यात रंग दिसताच ते पाणी फेकून नवे घ्या. जांभळ्या रबरी शिक्क्याची शाई आणि स्केचपेनचे फराटे यांनाही हाच नियम. तिकिटात एकदा मुरलेला गुलाबी डाग निघत नाही.

ओलावा: पाण्याला न टिकणाऱ्या शाईसाठी

ब्रिटनने १८८३–८४ मध्ये फिक्या जांभळ्या आणि हिरव्या रंगांची मालिका मुद्दाम अस्थिर शाईत छापली. शिक्का धुऊन तिकीट पुन्हा वापरू पाहणाऱ्याचे चित्रही धुऊन जावे, हा हेतू. आज त्या तिकिटांना पाणी लावणारा संग्राहकही त्याच सापळ्यात सापडतो: हिरवा रंग फिकट होऊन वेगळ्याच छटेवर जातो. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला ब्रिटिश आणि वसाहतींच्या तिकिटांसाठी वापरलेल्या खडूचा लेप दिलेल्या कागदाचेही असेच. लेप भिजून सुटला की त्यावरचे चित्रही सुटते.

अशांसाठी दोन उपाय आहेत. पहिला ओल्या टीपकागदाचा. जाड टीपकागद भिजवा, पाणी गळणार नाही इतका निथळू द्या आणि त्यावर तिकिटाचा तुकडा तोंड वर करून ठेवा. ओलावा खालून पाकिटाच्या कागदातून गोंदापर्यंत चढतो, तोंड जवळपास कोरडे राहते. १५–२० मिनिटांनी कागद खालच्या बाजूला वाकवून सोला.

दुसरा दमट डबा. घट्ट झाकणाच्या प्लास्टिकच्या डब्यात तळाला ओला स्पंज, त्यावर उंच ठेवलेली प्लास्टिकची जाळी आणि जाळीवर तिकिटे. झाकणाच्या आतून टीपकागद लावायला विसरू नका, नाहीतर झाकणावर साठलेला थेंब नेमका तिकिटावर पडतो आणि डब्याचा सगळा उद्देशच बुडतो. दर दोन तासांनी पाहत राहा. काही तिकिटे चार तासांत सुटतात, काहींना रात्र लागते. दोन दिवसांपेक्षा जास्त ठेवल्यास बुरशी येते.

दोन्हींत डबा सौम्य, टीपकागद वेगवान. एक-दोन तिकिटांसाठी टीपकागद पुरतो. न वापरलेली तिकिटे एकमेकांना चिकटली असतील तर डबाच, कारण त्यात गोंद धुतला जात नाही. सुटल्यावर मात्र या तिकिटांना लगेच दाबू नका. ओलसर अस्थिर शाई वरच्या कागदावर उतरते.

आणि किटलीची वाफ? तिला या तुलनेत जागा नाही. उष्णता आणि ओलावा दोन्ही एकाच ठिकाणी, बेसुमार. तिकिटाचे थर सुटतात, लेप फुगतो आणि बोटे भाजतात ती वेगळीच.

द्रावक: फक्त हट्टी स्वयंचिकटांसाठी

पहिली स्वयंचिकट टपाल तिकिटे सिएरा लिओनने १९६४ मध्ये काढली. अमेरिकेने १९७४ च्या नाताळच्या १० सेंटच्या तिकिटावर हा प्रयोग केला. त्याचा गोंद कालांतराने कागदातून वर आला आणि बहुतेक प्रतींवर तपकिरी डाग पडले. पुढे अनेक देशांनी गोंद आणि कागद यांच्यामध्ये पाण्यात विरघळणारा पातळ थर घातला. असा थर असलेली तिकिटे साध्या पाण्यातच सुटतात, फक्त अर्धा-पाऊण तास लागतो. २००० नंतरच्या दशकात अमेरिकी तिकिटांतून हा थर जवळजवळ नाहीसा झाला आणि कटकट तिथून वाढली.

म्हणून स्वयंचिकट तिकीट दिसले की थेट द्रावकाकडे धावू नका. आधी तासभर पाणी. तरी सुटले नाही तर तुकडा पूर्ण वाळवा आणि मग पुढचा विचार करा.

द्रावकांत दोन पर्याय. हेप्टेन (पेट्रोलजन्य द्रावक) किंवा लायटरमध्ये भरायचे द्रव इंधन लगेच मुरते, लगेच उडून जाते, मागे डाग ठेवत नाही. पण त्याची वाफ खोलीच्या तापमानालाही पेट घेते. उघड्या खिडकीजवळ, ज्योत आणि ठिणगीपासून दूर, नायट्राइलचे हातमोजे घालून, थेंबाथेंबाने काम करायचे. संत्र्याच्या सालीतल्या तेलाचे, म्हणजे लिमोनीनचे फवारे इतके ज्वालाग्राही नसतात आणि मिळायलाही सोपे, पण ते सावकाश उडतात आणि तिकीट बराच वेळ तेलकट, अर्धपारदर्शक दिसते. फवारा शुद्ध तेलाचा हवा. पाणी आणि सुगंध मिसळलेला उपयोगाचा नाही.

कृती दोन्हींची सारखी. तुकडा पालथा ठेवून पाठच्या कागदावर काही थेंब सोडा, ते आरपार गेले की कोपऱ्यातून कागद मागे वाकवत सोला, तिकीट सपाटच ठेवा. गोंद वाळू लागला की आणखी थेंब. सुटलेल्या तिकिटाची पाठ चिकटच राहते. तिच्यावर टॅल्कम पावडर मऊ ब्रशने पसरून जादा झटका. पावडरीने चिकटपणा झाकला जातो, गोंद मात्र तिथेच असतो, हे लक्षात ठेवा.

फोटोग्रॅव्हूरने (खोदलेल्या सिलिंडरवरून होणाऱ्या छपाईने) छापलेल्या काही तिकिटांची शाई पेट्रोलजन्य द्रावकात विरघळते. त्यामुळे पहिली चाचणी त्याच मालिकेतल्या फाटक्या किंवा जादा प्रतीवर.

कागदासकट: कमी हौसेचा, पण बरेचदा शहाणा पर्याय

ब्रिटनच्या २००९ पासूनच्या सुरक्षा तिकिटांना पुनर्वापर रोखण्यासाठी वक्र चिरे पाडलेले असतात. ओढाताण झाली की तिकीट तिथेच फाटते. अशी तिकिटे आणि पाण्याला दाद न देणारी बाकीची स्वयंचिकटे तुकड्यासकट ठेवणे आम्हाला द्रावकापेक्षा बरे वाटते. मघाशी सोडलेला कागद तासून चारही बाजूंनी सारखी ५–६ मिलिमीटर कड ठेवा. उघडा चिकट गोंद नाही, पावडर नाही, आग नाही. तोटा एवढाच की अल्बम जाड होतो आणि तपकिरी पाकिटाचा आम्लयुक्त कागद वर्षानुवर्षे तिकिटाशी लागून राहतो. त्यामुळे तपकिरी पाकिटावरच्या चांगल्या प्रतीसाठी द्रावकाचा धोका पत्करण्यात अर्थ आहे. पांढऱ्या कागदावरच्या सामान्य प्रतीसाठी नाही.

सोडवल्यावर ठेवायचे कशात

इथे निवड सोपी आहे. संग्रह अजून वाढतो आहे, क्रम बदलतो आहे, तर स्टॉकबुक, म्हणजे आडव्या पट्ट्यांत तिकिटे खोचायची वही. मांडणी पक्की झाली असेल तर अल्बमची पाने, आणि त्यावर हिंज (तिकीट पानाला लावायची, गोंद असलेली दुमडलेली कागदी पट्टी) किंवा माउंट (तिकीट आत ठेवायचा पारदर्शक प्लास्टिकचा कप्पा). वापरलेल्या तिकिटाच्या पाठीला जपण्यासारखा गोंद नसतो, म्हणून हिंज लावायला हरकत नाही. ते स्वस्त आणि पातळ असते. घडीचा छोटा भाग किंचित ओला करून तिकिटाच्या वरच्या कडेला, छिद्रांच्या जरा खाली लावा; काढायचे झाल्यास पूर्ण वाळू द्या, ओले असताना ओढल्यास कागदाचा थर सोलून येतो. किमती किंवा लेप दिलेल्या तिकिटांना माउंट. तो तिकिटापेक्षा प्रत्येक बाजूने १–२ मिलिमीटर मोठा असावा, आणि चिकटवताना कमीत कमी ओलावा. जास्त झाला की तो आत शिरून तिकीट माउंटला चिकटते. पावडर लावलेली स्वयंचिकटे स्टॉकबुकच्या पट्टीत खोचू नयेत. त्यांना पॉलिप्रॉपिलीनचा वेगळा कप्पा द्या.

प्लास्टिकबाबत पॉलिएस्टर आणि पॉलिप्रॉपिलीन चालतात, मऊ पीव्हीसी नाही. त्यातले मऊपणा आणणारे रसायन बाहेर झिरपते आणि शाई ओढून घेते. उघडताच नव्या प्लास्टिकचा उग्र वास येणारे पान संशयास्पद समजा. बटर पेपरची पाकिटे वर्गीकरणासाठी छान, पण ती ओलावा धरतात आणि कालांतराने पिवळी पडतात, त्यामुळे कायमची जागा म्हणून नको.

स्टॉकबुक कपाटात उभे ठेवा, दाटीवाटीने नाही. आडवी चळत रचली की खालच्या पानांवर दाब येतो. हवेतली आर्द्रता ५० टक्क्यांच्या आसपास असावी. ६५ च्या वर गेली की बुरशी आणि तिचे तांबूस ठिपके सुरू होतात. सिलिका जेलच्या पुड्या भरमसाट टाकून हवा कोरडीठाक करण्यातही फायदा नाही, कागद ठिसूळ होतो. तिकिटांच्या जुड्या रबरबँडने बांधू नका: रबरातल्या गंधकाने काही नारिंगी तिकिटे तपकिरी-काळी पडतात, आणि अशी काळवंडलेली प्रत दुर्मीळ रंगछटा म्हणून विकायला आली तर घेण्याआधी दोनदा बघा.