सहा टायरचं बिल, चार टायर गाडीला

अमेरिकेत, डेन्व्हरजवळच्या एका टायरच्या दुकानाने माझ्याकडून सहा नव्या टायरचे पैसे घेतले आणि बसवले चारच. पुढचे दोन आणि मागच्या जोड्यांमधले बाहेरचे दोन. आतले दोन जुनेच ठेवले, त्यांना काळंभोर पॉलिश फासलं आणि बिलावर बिनदिक्कत 'सहा नग' लिहिलं. दुकानाचं नाव देत नाही, कारण प्रकरण राज्याच्या ॲटर्नी जनरलच्या ग्राहक विभागाकडे आहे. पण ही युक्ती कुठेही चालेल अशी आहे, म्हणून जरा सविस्तर लिहितोय.

ज्यांना ही गाडी माहीत नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. आपल्याकडे टेम्पो-ट्रकला मागे डबल टायर असतात तसे इथे मोठ्या पिकअपलाही मिळतात, तिला 'ड्युअली' म्हणतात. तिच्या हौद्यात अख्खी खोली बसवायची. पलंग, शेगडी, चिमुकलं न्हाणीघर, पाण्याची टाकी, सगळं त्यात. हा ट्रक कॅम्पर. तो मागे ओढायचा नसतो, पाठीवर घ्यायचा असतो, त्यामुळे जवळजवळ सगळा भार मागच्या आसावर येतो. कॅम्परच्या स्टिकरवरचं वजन हे कोरडं वजन असतं. पाणीच गॅलनला 8.3 पौंड भरतं, वर गॅस, भांडीकुंडी, बॅटऱ्या आणि आमच्या घरचं असेल तर तांदूळ-डाळीचे डबे. माझा कॅम्पर भरल्यावर चार हजार पौंडांच्या आसपास जातो.

एवढं ओझं चार टायरांवर. त्यातले दोन दिसतात, दोन दिसत नाहीत. आतल्या टायरचा व्हॉल्व्ह बाहेरच्या रिमच्या भोकातून हात घालून शोधावा लागतो. साधा गेज तिथे बसत नाही, लांब दांडीचा, दोन तोंडांचा गेज लागतो. त्यामुळे पेट्रोल पंपावर हवा बघणारा माणूस बाहेरचे दोन बघतो आणि आतले देवाच्या भरवशावर सोडतो. दुकानदाराला हे पक्कं ठाऊक असतं.

गाडीच सांगेल, दिवा लागेल, असं कुणाला वाटत असेल तर तेही ऐका. फायरस्टोनचे टायर फुटून फोर्ड एक्सप्लोरर उलटण्याचं प्रकरण गाजल्यावर अमेरिकेत 2000 साली कायदा झाला, आणि त्यातून हवा कमी झाली की डॅशबोर्डवर दिवा लागण्याची सक्ती आली. पण ही सक्ती 10,000 पौंडांपर्यंतच्या गाड्यांनाच आहे, आणि त्यातूनही एका आसावर डबल टायर असलेल्या गाड्या वगळल्या आहेत. म्हणजे जिथे सगळ्यात जास्त गरज, तिथेच सक्ती नाही. काही नव्या ड्युअलींमध्ये कंपन्या स्वतःहून सेन्सर देतात. माझी गाडी 2015 ची, तिच्यात नाहीत. हे सेन्सर लक्षात ठेवा, पुढे कामाला येतात.

ऑक्टोबर 2023. यूटा राज्यातल्या मोआबला जायचं होतं, टायर आठ-नऊ वर्षांचे झाले होते, म्हणून सहाही बदलायला टाकले. माप एलटी 235/80 आर 17. बिल दीड हजार डॉलरच्या वर. आत वर्कशॉपमध्ये येता येणार नाही, विम्याचा नियम आहे, तिकडे बसा, कॉफी घ्या, असं सांगितलं. तो नियम बहुतेक ठिकाणी खरंच असतो, पण जुने टायर दाखवा म्हटल्यावर ते लगेच मागच्या गाडीत टाकून पाठवले असंही सांगितलं. गाडी बाहेर आली ती चकचकीत. कागदावर टिक मारून लिहिलं होतं, हवा पुढे 80, मागे 65 पीएसआय (म्हणजे चौरस इंचाला पौंड), सर्व टायर तपासले. दाराच्या चौकटीवरच्या स्टिकरवरही मागे 65 च आहे.

आय-70 महामार्गाने डोंगर चढून, आयसेनहॉवर बोगद्याच्या अकरा हजार फुटांवरून, व्हेल पास आणि ग्लेनवूडची घळ मागे टाकून ग्रँड जंक्शनला ट्रक स्टॉपवर थांबलो. डावीकडच्या मागच्या चाकांपाशी रबराचा उग्र वास येत होता. बाजूच्या रांगेत एक सरदारजी दांडका घेऊन आपल्या अठरा चाकांवर एकेक ठोका देत चालले होते. गावाकडे क्लीनर टॉमी आपटून आवाज ऐकतात, अगदी तसेच. मी आमच्या गाडीशी वाकलेला पाहून ते आले, बाहेरच्या टायरवर ठोका दिला, मग दांडका आत घालून दुसरा. "भाईसाब, अंदरवाला बैठा हुआ है. आवाज़ सुनो." खरंच, बाहेरचा टणत्कार करत होता आणि आतला उशीसारखा भद्द. वर त्यांनीच बजावलं, ठोक्याने मेलेला टायर कळतो, दहा-पंधरा पौंडांचा फरक कळत नाही, त्याला गेजच हवा. आपला दोन तोंडांचा गेजही दिला.

गरम टायरची हवा मोजून निष्कर्ष काढायचा नसतो, म्हणून रात्री तिथेच मुक्काम केला आणि पहाटे गार टायर मोजले. बाहेरचे दोन्ही 65. आतला उजवा 51, आतला डावा 39.

पण मला खरा संशय आला तो आकड्यांवरून नाही, टोपीवरून. आतल्या व्हॉल्व्हच्या टोपीवर जुनी माती थिजून दगड झाली होती, पकडीशिवाय फिरेना. टायर नवा आणि त्याच्या व्हॉल्व्हच्या टोपीवर वर्षांचा चिखल? मग मोबाइलचा टॉर्च घेऊन गाडीखाली पाठीवर सरपटत गेलो. टायरवर डीओटी, म्हणजे अमेरिकेच्या परिवहन खात्याचा, क्रमांक असतो, त्याचे शेवटचे चार आकडे म्हणजे आठवडा आणि वर्ष. बाहेरच्या टायरवर 1123, म्हणजे 2023 चा अकरावा आठवडा. आतल्या डाव्यावर 2214. गाडी कारखान्यातून निघाली तेव्हाचाच टायर! उजव्याचा क्रमांक खालून दिसेना. तारखेसकट पूर्ण क्रमांक टायरच्या एकाच बाजूला असला तरी नियमात बसतं, आणि इथे ती बाजू नेमकी दोन टायरांमधल्या फटीत होती. तो उतरवल्यावरच वाचता आला. तोही 2014 चाच निघाला.

ट्रक स्टॉपवरच्या काट्यावर गाडी चढवली. मागच्या आसाचं वजन 8,240 पौंड, म्हणजे सुमारे 3,740 किलो. चार टायरांत सारखं वाटलं तर प्रत्येकी 2,060. या मापाचा टायर 80 पीएसआयला जोडीत 2,835 पौंड पेलतो, एकटा असेल तर 3,085. म्हणजे वाटणी नीट असेल तर चिंता नाही. पण डावीकडचे 4,120 पौंड दोघांत वाटले जातच नव्हते. आतला बसलेला, त्यामुळे बराचसा भार बाहेरच्यावर, आणि त्याच्यात हवा 65 च, म्हणजे त्याची ताकद 80 च्या आकड्याहूनही कमी. वर आतला अर्धवट हवेचा टायर प्रत्येक फेऱ्याला दबून-उलगडून तापणार. ठरलेल्या हवेच्या 80 टक्के किंवा त्याहून कमी हवेवर पळालेला टायर उतरवून आतून तपासल्याशिवाय पुन्हा भरू नये, असं टायरवाले सांगतात. 65 चे 80 टक्के 52. माझे दोन्ही त्याखाली.

आणि समजा हवा बरोबर भरली असती, तरी हा जोड बसणारच नव्हता. नव्याची नक्षी 14 बत्तिसांश इंच खोल, जुन्याची 6. फरक पाव इंच, म्हणजे व्यासात अर्धा इंच. एवढ्या आकाराच्या टायरांच्या जोडीत व्यासाचा फरक पाव इंचापर्यंतच चालतो. एका बैलजोडीत एक उंच आणि एक बुटका जुंपला की जू कुणाच्या मानेवर येतं, ते सांगायला नको.

सकाळी जवळच्या दुसऱ्या दुकानात गेलो. तिथल्या पोराने मला आत उभं राहू दिलं. डावा टायर रिमवरून उतरवून त्याने हात घातला आणि मूठभर काळा भुगा बाहेर काढून माझ्या तळहातावर ठेवला. आतल्या बाजूला गोल पट्टा घासून खरबरीत झालेला. कमी हवेवर पळाल्याची ही खूण, हा टायर फार तर अजून एक उन्हाळी घाट टिकला असता, असं तो म्हणाला. दोन नवे टायर घेतले, त्याच्याकडून बिलावर 'उतरवलेले टायर 2014 चे' असं लिहून घेतलं, ओडोमीटरसकट फोटो काढले आणि जुने दोन्ही कॅम्परमध्ये टाकले. मोआबच्या लाल डोंगरांत आम्ही रबराच्या वासात झोपलो. हिने त्यावर जे काही ऐकवलं ते इथे लिहिण्याजोगं नाही.

परत येऊन पहिल्या दुकानात गेलो. मॅनेजरकडे उत्तरं तयार होती. उंचावर गेलं की हवा कमी होते, म्हणे. उलट आहे! वर गेलं की बाहेरचा दाब उतरतो आणि गेज जास्त दाखवतो, हजार फुटांना साधारण अर्धा पौंड. मग म्हणे थंडी. थंडीने हवा उतरते हे खरं, पण 65 च्या टायरमध्ये दहा अंश फॅरेनहाइटला दीड पौंड. 26 पौंड उतरायला डेन्व्हरहून अंटार्क्टिकाला जावं लागेल, आणि थंडीने आतलेच दोन टायर का निवडावेत? शेवटी तो मुद्द्यावर आला. तुम्हीच वाटेत बदलले असतील, आता कशावरून आम्ही बसवले नाहीत?

या प्रश्नाला कागदांनीच उत्तर दिलं, आणि म्हणूनच हे सगळं लिहायचं. बिलावर एक ओळ होती, 'हवेच्या सेन्सरचं सर्व्हिस किट, सहा चाकं'. गाडीत सेन्सर नाहीतच. नसलेल्या वस्तूची सर्व्हिस केल्याचं त्यांनीच सहीनिशी लिहून दिलं होतं. दुसरा कागद त्याहून भारी. इथे टायर विकला की त्याचा डीओटी क्रमांक कंपनीकडे नोंदवता यावा म्हणून दुकानदाराने क्रमांक भरलेला फॉर्म ग्राहकाला द्यायचा किंवा स्वतः नोंदणी करायची, असा केंद्राचा नियम आहे. टायर सदोष निघून परत मागवायची वेळ आली तर तुमचा पत्ता हवा, म्हणून. मला दिलेल्या फॉर्मवर क्रमांकापुढे संख्या लिहिली होती 4. बिल गल्ल्यावरच्या माणसाने केलं, फॉर्म वर्कशॉपमधल्या कुणीतरी भरला, आणि त्या बिचाऱ्याने जे बसवले तेच लिहिले. मॅनेजरने फॉर्म पाहिला आणि मालकाशी बोलतो म्हणाला. मालक काही भेटला नाही.

पैसे क्रेडिट कार्डाने दिले होते, म्हणून बँकेकडे लेखी तक्रार केली. दोन टायर, त्यांची बसवणावळ आणि सेन्सरचं किट, एवढ्याच रकमेवर हरकत घेतली. सगळ्या बिलावर घेतली असती तर चार टायर खरंच बसवलेत म्हणून त्यांना बोलायला जागा मिळाली असती. बँकेने सोबत जोडलेले दोन कागद आणि फोटो बघितले, दुकानाचं उत्तर मागवलं आणि रक्कम परत केली. ग्रँड जंक्शनचा खर्च मात्र माझ्याच अंगावर पडला. कोलोरॅडोत 7,500 डॉलरपर्यंतचे दावे वकिलाशिवाय छोट्या न्यायालयात लावता येतात, आणि ॲटर्नी जनरलकडच्या तक्रारीचा निकाल पाहून तेही करणार आहे.

तुमच्याकडे सहाचाकी गाडी असेल, मग ती इथली ड्युअली असो किंवा गावाकडचा टेम्पो, तर टायर बदलल्यावर दुकानाच्या आवारातच आतल्या व्हॉल्व्हला गेज लावा. लांब दांडीचा दोन तोंडांचा गेज ट्रकच्या सामानाच्या दुकानात मिळतो. टायर बसवायच्या आधी सहाही टायरांचे चार आकडी तारखेचे फोटो काढून ठेवा, कारण नंतर आतल्यांचे वाचता येतीलच असं नाही. चार आकड्यांची ही पद्धत भारतात विकल्या जाणाऱ्या टायरांवरही आहे. जुने टायर डोळ्यांसमोर मोजून घ्या, न्यायचे नसले तरी. आतल्या व्हॉल्व्हला रबरी नळी जोडून तोंड बाहेर आणून देणारे असतात, पण ती नळी सैल झाली की तिथूनच हवा जाते, म्हणून ग्रँड जंक्शनच्या त्या पोराने मला पक्क्या धातूच्या नळ्या बसवून दिल्या. आणि चाकं उतरवून बसवली की पन्नास-शंभर मैलांनंतर नट पुन्हा आवळायचे असतात, डबल टायरांना तर नक्कीच.

अमेरिकेत ज्यांनी कार्डाने पैसे भरले आहेत आणि आत्ता हे वाचून गाडीखाली वाकणार आहेत, त्यांच्यासाठी शेवटचं. चुकीच्या बिलाबद्दल बँकेला लेखी कळवायला कायद्याने 60 दिवस मिळतात, आणि ते टायर बसवल्यापासून नाही, ती रक्कम ज्या स्टेटमेंटवर पहिल्यांदा आली ते पाठवल्यापासून मोजतात. फोनवर तक्रार नोंदवली तरी पत्रही पाठवा, बिल भरायच्या पत्त्यावर नाही, चौकशीसाठी स्टेटमेंटवर जो वेगळा पत्ता छापलेला असतो त्यावर.