एक रुपयाचं बॅनर आणि दर महिन्याला कट होणारे पैसे

पोळा जवळ आला की गावातल्या पोट्ट्यांच्या मोबाईलवर बॅनर बनवणारी ॲप दिसू लागतात. सजवलेली बैलजोडी, वर शुभेच्छा, खाली आपला फोटो आणि नाव. बॅनर तयार होतं, ‘डाउनलोड’वर बोट ठेवलं की पुढे पाटी येते: ‘फक्त १ रुपयात सुरू करा’. एका रुपयाचा कोण विचार करतो? फोनपे किंवा गुगल पे आपोआप उघडतं, पिन टाकला जातो, बॅनर स्टेटसला लागतं. काही दिवसांनी खात्यातून २९९ नाहीतर ४९९ रुपये जातात. पुढच्या महिन्यात परत तेवढेच. पेरणीच्या आधी कर्जाच्या शोधात असलेल्यांना ‘१ रुपयात क्रेडिट स्कोअर’, घरातल्या बायांना छोट्या मालिकांचं ॲप, शाळकरी पोरांना इंग्रजी बोलायला शिकवणारं ॲप. गळ वेगळे, दोरी एकच.

यवतमाळ-वाशीमकडच्या खेड्यांत हे बहुधा पासबुक भरून आणल्यावरच उघडकीला येतं. सोयाबीनचा चुकारा, पीएम किसानचे २,०००, लाडकी बहीणचे १,५०० असं सगळं एकाच खात्यात पडतं आणि त्या खात्याकडे सणासुदीलाच लक्ष जातं. पासबुकात ॲपचं नावही छापलेलं नसतं बहुतेकदा. पैसे गोळा करणाऱ्या गेटवे कंपनीचं किंवा ॲपच्या मालक कंपनीचं नाव असतं, ते कोणी ऐकलेलं नसतं. मग माणूस आधी बँकेत जाऊन भांडतो, नंतर सेतू केंद्रवाल्यावर संशय घेतो, की मागे यानं अंगठा घेतला होता तेव्हाच काही केलं. तेवढ्यात आणखी एक हप्ता जातो.

भांडायच्या आधी ओळ नीट वाचा. मे-जूनमध्ये गेलेले ४३६ रुपये पंतप्रधान जीवनज्योती विम्याचे असतात आणि २० रुपये सुरक्षा विम्याचे. ते कोणत्याही ॲपनं काढलेले नाहीत. बँकेत कधीतरी भरून दिलेल्या फॉर्मवरून बँक दरवर्षी काढते. नको असतील तर शाखेत अर्ज देऊन बंद होतात, पण बंद करण्याआधी घरात विचारा, कारण खातेदार गेला तर घरच्यांना जीवनज्योतीचे २ लाख या हप्त्यावरच मिळतात. शंका घ्यायची ती दर महिन्याला किंवा दर आठवड्याला, ठरावीक अंतरानं जाणाऱ्या सारख्या रकमेवर.

आता त्या एक रुपयाच्या वेळी काय झालं ते पाहू. पिन टाकण्याआधी जो पडदा येतो त्यावर १ रुपया मोठ्या अक्षरात असतो. त्याखाली बारीक अक्षरात ऑटोपेचा, म्हणजे पुढे आपोआप पैसे कापण्याचा, तपशील असतो: जास्तीत जास्त किती रक्कम काढता येईल, किती दिवसांनी, कधीपासून आणि कधीपर्यंत. ‘जास्तीत जास्त’समोर कधीकधी महिन्याच्या भावाच्या कितीतरी पट आकडा असतो. शेवटची तारीख वीस-तीस वर्षांनंतरचीही असू शकते. आणि ‘किती दिवसांनी’च्या जागी ‘ॲज प्रेझेंटेड’ लिहिलेलं असेल तर तिथंच मागे फिरा. त्याचा अर्थ, कंपनी मागेल तेव्हा, ठरावीक तारीख नाही. पिन टाकला की या सगळ्याला तुमची परवानगी गेली. यालाच मँडेट म्हणतात. यूपीआयवर ही सोय जुलै २०२० पासून आहे, आणि रिझर्व्ह बँकेच्या नियमानं १५,००० रुपयांपर्यंतच्या पुढच्या हप्त्यांना पुन्हा पिन लागत नाही. विजेच्या बिलाला हे सोयीचंच आहे. पण ही परवानगी एक रुपयाच्या आडून मागितली जाते तेव्हा गोष्ट वेगळी होते.

पैसे कापण्याच्या किमान २४ तास आधी कळवणं बंधनकारक आहे. तसा मेसेज येतोही, पण इंग्रजीत, कंपन्यांच्या जाहिरातींच्या ढिगाऱ्यात, आणि पुष्कळदा खात्याला जोडलेला नंबर पुण्यात कामाला असलेल्या मुलाचा असतो. खात्यात पैसे नसले म्हणजे सुटलो असंही नाही. पहिला प्रयत्न फसला तर त्या हप्त्यासाठी आणखी तीनदा प्रयत्न करता येतो. ऑगस्ट २०२५ पासून ही वसुली गर्दीच्या वेळा सोडून होते: सकाळी १० च्या आधी, दुपारी १ ते ५, रात्री साडेनऊनंतर. सकाळी बँकेचा मेसेज पाहून ‘रात्रीतून हॅक झालं’ असं वाटतं, त्यामागे हे कारण असू शकतं.

सगळ्यात महागात पडणारा गैरसमज म्हणजे ॲप काढून टाकलं की विषय संपला. ॲप मोबाईलमध्ये असतं, मँडेट बँक आणि यूपीआयच्या यंत्रणेत असतं. ॲप काढा, मोबाईल फॉरमॅट मारा, नवा घ्या. हप्ता जातच राहतो. उलट ॲप काढल्यावर त्यातला ग्राहक क्रमांक आणि तक्रारीची जागा हातची जाते. म्हणून आधी मँडेट तोडा, तक्रार करा, ॲप शेवटी काढा.

मँडेट तोडायची जागा तुमच्या पैशाच्या ॲपमध्येच आहे. फोनपे किंवा गुगल पेमध्ये वर कोपऱ्यातल्या आपल्या फोटोवर दाबा, खाली ‘ऑटोपे’ सापडेल. भीम आणि पेटीएममध्येही ऑटोपेचा किंवा मँडेटचा वेगळा भाग आहे. नाव थोडं इकडेतिकडे असेल तर ॲपमधल्या शोधच्या जागी ‘ऑटोपे’ लिहा. ज्या ॲपमधून पिन टाकला होता तिथं आधी पाहा. घरात दोन-तीन यूपीआय ॲप असतील तर सगळी उघडा. यादीतल्या नावावर दाबून आधी स्क्रीनशॉट घ्या, त्यात मँडेटचा क्रमांक, म्हणजे यूएमएन, दिसला पाहिजे. मग ‘रद्द करा’. ‘पॉज’ दाबू नका, ते पुन्हा सुरू होऊ शकतं. रद्द करताना पिन मागितला जातो, त्याला घाबरू नका, पैसे जात नाहीत. रद्द झाल्याचा पडदा आला की त्याचाही स्क्रीनशॉट. रागाच्या भरात यादीतलं सगळंच उडवू नका मात्र. ट्रॅक्टरचा किंवा मोबाईलचा हप्ता त्यात असेल तर तो थकेल आणि सिबिल बिघडेल.

सबस्क्रिप्शन प्ले स्टोअरमधून घेतलेलं असेल तर ऑटोपेच्या यादीत गुगलचं नाव दिसतं. तेव्हा आधी प्ले स्टोअरमध्ये जा: फोटोवर दाबा, ‘पेमेंट्स अँड सबस्क्रिप्शन्स’, त्यात ‘सबस्क्रिप्शन्स’, ॲपचं नाव, ‘कॅन्सल’. मोबाईलमध्ये दोन-तीन जीमेल असतील तर प्रत्येकावर पाहा. दुकानदारानं मोबाईल चालू करून देताना बनवलेल्या जीमेलवरच पुष्कळदा हे सापडतं. आयफोन असेल तर सेटिंग्जमध्ये आपल्या नावावर दाबून ‘सबस्क्रिप्शन्स’, आणि फुकटची मुदत संपायच्या निदान २४ तास आधी रद्द करायचं.

पैसे परत मिळतील का, हे ते कोणत्या वाटेनं गेले यावर ठरतं. प्ले स्टोअरची वाट त्यातल्या त्यात सोपी. पैसे गेल्यापासून ४८ तासांच्या आत ब्राउझरमध्ये गुगल प्लेची साईट उघडा, खरेदीच्या यादीत ती ऑर्डर शोधा आणि परताव्याची मागणी टाका. ऑर्डर क्रमांक ‘जीपीए’नं सुरू होतो आणि जीमेलवर पावतीत असतो. उत्तर साधारण एक ते चार दिवसांत येतं. ४८ तास उलटले तर गुगल तुम्हाला ॲप बनवणाऱ्याकडे पाठवतं. म्हणून ‘बाजाराच्या दिवशी तालुक्याला गेलो की पाहू’ म्हणणाऱ्याचे पैसे अडकतात. अर्ज घरून, मोबाईलवरून होतो.

थेट यूपीआयनं घेतलेल्या सबस्क्रिप्शनला हा ४८ तासांचा आधार नाही. तिथं कंपनीलाच ई-मेल करावा लागतो, आणि शब्द जपून वापरावे लागतात. ‘मला माहीत नाही, पैसे चोरी गेले’ असं लिहिलं की कंपनी पिन टाकल्याची नोंद पुढे करते आणि विषय मिटवते. त्यापेक्षा असं लिहा: ‘१ रुपयाच्या चाचणीनंतर दर महिन्याला इतके रुपये कापले जातील हे पिन टाकण्याआधी स्पष्ट दाखवलं नाही. मी अमुक तारखेला मँडेट रद्द केलं आहे. अमुक तारखेला कापलेले इतके रुपये, १२ अंकी यूटीआर (व्यवहार) क्रमांक अमुक, परत करावेत.’ सोबत दोन्ही स्क्रीनशॉट. मराठीत लिहिलं तरी चालतं.

उत्तर आलं नाही किंवा टोलवलं तर राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाईनला १९१५ वर फोन करा. मराठीत बोलता येतं, पैसे लागत नाहीत, आणि तक्रारीचा क्रमांक मिळतो तो लिहून ठेवा. तिथं एक शब्द आवर्जून वापरा: ‘सबस्क्रिप्शन ट्रॅप’. ३० नोव्हेंबर २०२३ ला केंद्रानं फसव्या मांडणीविरुद्ध जे नियम काढले, त्यात नाव घेऊन सांगितलेल्या १३ प्रकारांपैकी हा एक. रद्द करण्याची वाट लपवणं, ती मुद्दाम लांबलचक ठेवणं, फुकट म्हणून आधीच खात्याची परवानगी घेणं हे सगळं त्यात बसतं. दोन-चारशे रुपयांसाठी कंपनी ग्राहक आयोगापर्यंत जाऊ इच्छित नाही, त्यामुळे इथं काम होण्याची शक्यता बरी असते. मागच्या सहा-आठ महिन्यांचे सगळे हप्ते परत मागा, पण निदान शेवटचे एक-दोन मिळाले तरी पुष्कळ, असं धरून चाला.

बँकेला कधी पकडायचं? तीन गोष्टींत. मँडेट रद्द केल्यानंतर पैसे गेले, २४ तास आधी कळवलंच नाही, किंवा ठरलेल्या कमाल रकमेपेक्षा जास्त कापले. यातलं काही असेल तर शाखेत लेखी तक्रार द्या आणि पोच घ्या. ३० दिवसांत समाधान झालं नाही तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे जाता येतं, चौकशीचा नंबर १४४४८. नुसतं ‘लक्षात आलं नाही’ एवढ्यावर बँक काही करणार नाही, कारण पिन तुम्ही टाकला होता. अनधिकृत व्यवहाराला तीन दिवसांत कळवलं की भरपाई, असा जो नियम लोक सांगतात, तो इथं लागू होत नाही.

खरा मोठा फटका या टप्प्यावर बसतो. माणूस गुगलवर ॲपचं नाव आणि ‘कस्टमर केअर नंबर’ लिहून शोधतो. वर येणारा नंबर कोणाचाही असू शकतो. पलीकडचा गोड हिंदीत बोलतो, स्क्रीन दिसेल असं ॲप किंवा व्हॉट्सॲपवर आलेली एपीके फाईल (प्ले स्टोअरबाहेरून ॲप बसवणारी) टाकायला लावतो, आणि ‘रिफंड घ्यायला पिन टाका’ म्हणतो. २९९ परत आणायला गेलेल्याचा अख्खा चुकारा असा जातो. पैसे मिळायला पिन कधीच लागत नाही. पिन लागतो तो मँडेट रद्द करताना, आणि तोही तुम्ही स्वतः आपलं यूपीआय ॲप उघडून ऑटोपेच्या यादीत गेल्यावर, फोनवर कोणी सांगतंय म्हणून नव्हे. चुकून तसं झालं तर १९१५ चा नाद सोडा, ताबडतोब सायबर फसवणुकीच्या हेल्पलाईनला, १९३० वर, फोन करा. पैसे पुढच्या खात्यात सरकायच्या आत ते अडवता येतात, उशीर झाला की नाही.

एक अडचण आपल्याकडे हमखास येते. खातं आईचं, यूपीआय मुलाच्या मोबाईलवर, आणि तो मोबाईल फुटलेला किंवा सिम बंद पडलेलं. ऑटोपेची यादी उघडायलाच साधन नसतं. अशा वेळी पासबुक आणि आधार घेऊन खातेदारानं स्वतः शाखेत जावं. अर्जात खाते क्रमांक, ज्या ज्या तारखांना पैसे गेले त्या, रक्कम, पासबुकातली ओळ जशीच्या तशी, आणि ‘या खात्यावरची सर्व यूपीआय मँडेट दाखवून अमुक नावाचं रद्द करावं’ एवढंच लिहावं. बँकमित्राच्या केंद्रावर हे काम होत नाही, तिथून परत पाठवतील. शाखेतला बाबू ‘ॲपवाल्याला सांगा’ म्हणाला तरी अर्ज देऊनच या, आणि दुसऱ्या प्रतीवर शिक्का व तारीख घ्या. पुढचा हप्ता त्या तारखेनंतर गेला तर लोकपालाकडे दाखवायला तोच कागद लागतो.