वाडा, संस्थान आणि घराणे: सातारा-सांगलीकराने कोणते पुस्तक आधी उघडावे

सातारा-सांगली भागातल्या राजवाड्यांवर, संस्थानांवर आणि घराण्यांवर पुस्तके कमी नाहीत. अडचण निवडीची आहे. एकाच घराण्यावरची तीन पुस्तके वाचली तर तीन वेगळी घराणी भेटल्यासारखे वाटते. प्रत्येक पुस्तक कुणाच्या तरी दप्तरावर उभे असते आणि त्या दप्तरात जे उतरले तेवढेच त्याला दिसते, म्हणून असे होते. कागद कलेक्टर कचेरीचे आहेत, रेसिडेन्सीचे आहेत, सरदारांच्या फडाचे आहेत की राजपुत्राच्या आठवणींचे, एवढे आधी पाहिले की निम्मा निर्णय तिथेच होतो.

गॅझेटिअर: जुने की नवे

सुरुवात गॅझेटिअरनेच करावी. जुन्या मुंबई इलाख्याच्या मालिकेतला साताऱ्याचा खंड एकोणिसावा, १८८५ चा. महाराष्ट्र शासनाने सुधारून काढलेला साताऱ्याचा खंड १९६३ चा आणि सांगलीचा १९६९ चा. पुष्कळांची पहिली चूक इथेच होते. सांगली जिल्ह्यातला माणूस सांगलीचा खंड उघडतो आणि गावाची जुनी माहिती तुटपुंजी म्हणून निराश होतो. १८८५ मध्ये सांगली जिल्हाच नव्हता. वाळवा, खानापूर आणि तासगाव हे तालुके तेव्हा सातारा जिल्ह्यात होते. दक्षिण सातारा हा वेगळा जिल्हा १९४९ मध्ये झाला आणि सांगली हे नाव त्याला १९६० मध्ये मिळाले. म्हणजे इस्लामपूर, विटा, तासगावकडच्या घराण्याने साताऱ्याचा जुना खंड घ्यायला हवा.

मिरज-सांगलीच्या संस्थानी मुलखाचे गणित आणखी अवघड आहे. सांगली संस्थान सलग नव्हते. मंगळवेढे आज सोलापूर जिल्ह्यात आहे, तर तेरदाळ, शहापूर आणि शिरहट्टी कर्नाटकात. पूर्वज संस्थानच्या नोकरीत असतील तर आधी ते कोणत्या तालुक्यात होते ते काढावे. खंड त्यानंतर निवडावा.

जुन्या आणि नव्या खंडात निवड करायची झाली तर घरांसाठी जुना उजवा. लोकजीवनाच्या प्रकरणात घर कसे, भांडी कोणती, जेवण काय, लग्नात काय करतात, हे एकेका जातीनुसार लिहिलेले आहे. शेवटचे प्रकरण गावांचे, इंग्रजी वर्णानुक्रमाने. पण त्याच लोकजीवनाच्या प्रकरणात जातींच्या स्वभावावर एका ओळीत निकाल दिलेले असतात. ते त्या काळच्या सरकारी नजरेचे नमुने आहेत, माहिती म्हणून उचलायचे नाहीत. नव्या खंडात कुळकायदा, सहकार आणि संस्थानांचे विलीनीकरण येते. वाडे का ओस पडले हे कळायला त्याची गरज लागते.

जुने खंड आंतरजालावर फुकट मिळतात, पण शोधाची खोच माहीत हवी. मूळ छपाईत इंग्रजी ‘ए’ या अक्षरावर दीर्घ उच्चाराची रेघ आहे. संगणकाने मजकूर ओळखताना ते अक्षर पुष्कळदा ‘डी’ वाचले जाते. त्यामुळे ‘सातारा’ असे इंग्रजीत सरळ टाइप केले तर निम्म्या जागा हाती लागत नाहीत. गावाच्या नावातला असा ‘ए’ बदलून ‘डी’ घालूनही एकदा शोधावे. वाई, वाळवा यांच्या स्पेलिंगमध्ये ‘डब्ल्यू’ऐवजी ‘व्ही’ करून पाहावे.

साताऱ्याची गादी: चार पुस्तके, चार बाजू

सर्वांत जास्त नाव घेतले जाते ते ग्रँट डफच्या मराठ्यांच्या इतिहासाचे. १८१८ ते १८२२ या काळात तो साताऱ्यात कंपनीचा प्रतिनिधी होता. छत्रपतींच्या दरबारातली आणि सरदार घराण्यांकडची कागदपत्रे पाहण्याची जी संधी त्याला मिळाली ती पुढे फार थोड्यांना मिळाली. १८२६ मध्ये लंडनला तीन खंड निघाले. एस. एम. एडवर्ड्स यांनी टिपा घालून तयार केलेली दोन खंडांची आवृत्ती १९२१ ची. निवड असेल तर हीच घ्यावी, टिपांमुळे नावे आणि तारखा तपासता येतात. मराठ्यांना उत्तेजन देणाऱ्या प्रेरणा डफला उमगल्या नाहीत, ही तक्रार जुनी आहे. नीळकंठ जनार्दन कीर्तने यांनी एकोणिसाव्या शतकातच त्याच्यावर टीका लिहिली. घेणाऱ्याने मात्र वेगळीच गोष्ट लक्षात ठेवावी. डफचे पुस्तक पेशवाईच्या अखेरीशी थांबते. प्रतापसिंह महाराजांना १८३९ मध्ये गादीवरून काढून काशीला पाठवले, १८४७ मध्ये ते तिथेच वारले आणि त्यांच्या जागी बसवलेले भाऊ आप्पासाहेब यांच्या मृत्यूनंतर १८४८ मध्ये दत्तक नामंजूर करून राज्य खालसा केले, यातले काहीच त्यात नाही. राजवाड्याची शोकांतिका वाचायची म्हणून डफ घेतला तर हाती काही लागणार नाही.

ती शोकांतिका दोन पुस्तकांत आहे. मेजर बी. डी. बसू यांचे साताऱ्याच्या कथेवरचे इंग्रजी पुस्तक १९२२ मध्ये कलकत्त्याहून निघाले. त्यांनी इंग्रजांच्याच छापील कागदांतून इंग्रजांवर आरोपपत्र उभे केले आहे. लांबलचक उताऱ्यांमुळे वाचन जड होते, पण रेसिडेंट ओव्हान्स आणि गव्हर्नर कार्नॅक यांनी प्रकरण कसे चालवले ते त्यांच्याच शब्दांत समोर येते. दुसरे प्रबोधनकार ठाकरे यांचे, प्रतापसिंह छत्रपती आणि रंगो बापूजी यांच्यावरचे. मराठी भरधाव, बाजू उघड, इंग्रजांना सामील झालेल्या बाळाजीपंत नातूंसारख्या मंडळींवरचा संताप पानोपानी. रंगो बापूजी गुप्ते धन्याची कैफियत घेऊन लंडनला गेले आणि वर्षानुवर्षे तिथे झगडत राहिले, तो भाग इतक्या जिव्हाळ्याने दुसरीकडे वाचायला मिळत नाही. पण कुणाचा हेतू काय होता याबद्दलची त्यांची विधाने बसूंच्या उताऱ्यांशी ताडून मगच स्वीकारावीत.

चौथे पुस्तक सुमित्रा कुलकर्णी यांचा १८१८ ते १८४८ या सातारा राज्यावरचा प्रबंध, १९९५ चा, इंग्रजीत. त्यात राग नाही, म्हणून रंगतही कमी. राज्याचा कारभार आणि संस्कृती हाच त्याचा विषय असल्यामुळे राजवाड्यात रोज काय चाले हे ज्याला हवे त्याने हेच घ्यावे. एकच पुस्तक घ्यायचे असेल तर आमचे मत याच्या बाजूने. दोन घेता येत असतील तर हे आणि प्रबोधनकार. मराठीच वाचायचे असेल तर प्रबोधनकारांना पर्याय नाही.

मिरज-सांगलीचे पटवर्धन

इथे निवड दोन टोकांत आहे. वासुदेवशास्त्री खरे मिरजेत शिक्षक होते. पटवर्धनांची दप्तरे चाळून त्यांनी १८९७ पासून ऐतिहासिक लेखसंग्रहाचे खंड काढायला सुरुवात केली. दुसरे टोक म्हणजे द. ब. पारसनीस यांचे सांगली संस्थानावरचे १९१७ चे छोटे, सचित्र इंग्रजी पुस्तक. संस्थान चालू असतानाच ते लिहिलेले आहे, त्यामुळे दरबाराला रुचणार नाही असे काही त्यात शोधू नये. वंशक्रम, इमारती आणि छायाचित्रे एका बैठकीत पाहायला ते उत्तम.

खऱ्यांचे काम अस्सल. मोडी पत्रे त्यांनी नुसती छापली नाहीत, मागचापुढचा इतिहासही सांगितला. नवख्याने आधी खऱ्यांचे निवेदन सलग वाचावे आणि मग पत्रांकडे वळावे, म्हणजे पत्रातला ‘भाऊ’ कोण आणि ‘तात्या’ कोण हे कळते. पत्रे मुख्यतः मोहिमांची, पैशाची, फौजेची. वाडा कसा बांधला, स्वयंपाकघरात काय होते, हे त्यांत ओघानेच येते. फक्त घरगुती जीवन हवे असेल तर खंड विकत घेऊ नयेत, ग्रंथालयात चाळावेत.

या घराण्याच्या वाचनातली सर्वांत मोठी अडचण नावांची. मूळ पुरुष हरभट पटवर्धन हे इचलकरंजीकर घोरपड्यांचे उपाध्ये. पुढे मिरज, तासगाव, कुरुंदवाड, जमखंडी, सांगली अशा शाखा फुटल्या, आणि मिरजेच्याही १८२० मध्ये थोरली पाती आणि धाकटी पाती झाल्या. आजोबाचे नाव नातवाला ठेवायची रीत, म्हणून तीच तीच नावे सगळीकडे. सांगली १८०१ मध्ये वेगळी करणारे चिंतामणराव आप्पासाहेब १८५१ मध्ये वारले, आणि १९०३ मध्ये दत्तक येऊन विलीनीकरणापर्यंत गादीवर असलेलेही चिंतामणराव आप्पासाहेबच. साल न देता ‘आप्पासाहेबांनी बांधले’ असे लिहिणाऱ्या पुस्तकावर इमारतीच्या तारखेसाठी भिस्त ठेवू नये. वाचताना वहीत नाव, शाखा, गादीची वर्षे आणि बापाचे नाव असे चार रकाने आखून घ्यावेत. घोटाळा तिथेच थांबतो.

खऱ्यांनीच लिहिलेला इचलकरंजी संस्थानचा इतिहास पटवर्धनांच्या मुळाकडे जायला उपयोगी आहे. तो सहसा मागे राहतो, राहू नये.

औंध: बाप, मुलगा आणि संशोधक

साऱ्या भागात घराण्याचा इतिहास आतून वाचायची सर्वांत चांगली जागा औंध. औंधचे राजे बाळासाहेब पंतप्रतिनिधींचे मराठी आत्मचरित्र, चिरंजीव आप्पासाहेब पंत यांची इंग्रजी पुस्तके आणि इंदिरा रोथरमुंड यांचा १९८३ चा अभ्यास शेजारी ठेवले की एकच राजवाडा तीन उंचीवरून दिसतो.

बाळासाहेबांना कीर्तन, चित्रकला आणि सूर्यनमस्कार यांचे विलक्षण वेड. यमाईच्या डोंगरावरचे संग्रहालय त्यांचेच. जुनी राहणी, देवघर, शिक्षण, दरबार हे त्यांच्या मराठीत वाचावे, इंग्रजीत तो पोत उतरत नाही. आप्पासाहेबांचे १९७४ चे आत्मकथन बालपण, ऑक्सफर्ड आणि पुढची राजनैतिक कारकीर्द यांचे. वडिलांवरचे आणि औंधच्या प्रयोगावरचे पुस्तक १९८९ चे. संस्थानाने १९३९ मध्ये गांधीजींच्या सल्ल्याने सत्ता गावपंचायतींकडे सोपवली, त्या घडामोडीत आप्पासाहेब स्वतः होते. पण लिहिले ते पन्नास वर्षांनी, आणि वडिलांबद्दलचे प्रेम लपत नाही. माणसे आणि वातावरण यांसाठी ते भरवशाचे आहे. पंचायतींना नेमके कोणते अधिकार मिळाले, पैसा कुठून आला, कुठे अडले, हे रोथरमुंड यांच्याकडे पाहावे.

क्रम असा लावावा: आधी १९८९ चे, मग अभ्यास, मग आत्मचरित्र. उलट क्रमाने गेल्यास आत्मचरित्रातली असंख्य नावे परकी वाटतात आणि पुस्तक अर्ध्यावर मिटते.

महाबळेश्वरचे साहेबी जग

यासाठी दोनच पुरेत. गव्हर्नर फॉकलंड यांच्या पत्नीची रोजनिशी १८५७ मध्ये दोन खंडांत निघाली. नवरा १८४८ ते १८५३ मुंबईचा गव्हर्नर, म्हणजे सातारा खालसा झाले तोच काळ. डोंगर, फुले, नोकरचाकर, बंगल्यातले दिवस यांची नजर तीक्ष्ण, पण एतद्देशीय माणसे बहुतेक दुरूनच दिसतात. पारसनिसांचे १९१६ चे महाबळेश्वरचे पुस्तक स्थळांसाठी. मुंबईचा गव्हर्नर माल्कमने प्रतापसिंह महाराजांकडून १८२९ मध्ये ही जागा बदल्यात घेतली, इथपासून पॉइंटांच्या नावांपर्यंत ते नीट सांगते. हातात धरून फिरायला पारसनीस, घरी बसून वाचायला लेडी फॉकलंड.

स्वतःच्या घराण्यासाठी: कुलवृत्तांत कसा पारखावा

कुलवृत्तांत, म्हणजे एका घराण्याच्या वंशावळी आणि माहितीची पुस्तके, महाग असतात आणि बहुधा एकदाच छापले जातात, म्हणून घेण्याआधी चार जागा उघडून पाहाव्यात.

पहिली, वंशावळीची गती. शंभर वर्षांत साधारण तीन ते चार पिढ्या बसतात. दोनशे वर्षांत चारच नावे असतील तर पिढ्या गळल्या आहेत, दहा असतील तर भाऊ एकाखाली एक लावले गेले आहेत. दुसरी, दत्तकाची नोंद. दत्तकाचे जन्मघराणे दिलेले नसेल तर शाखा जुळवताना पुढे सगळे फसते. तिसरी, बायका. माहेरचे आणि सासरचे अशी दोन्ही नावे आणि माहेरचे गाव हवे. यावर कष्ट घेतलेले कुलवृत्तांत बाकीच्या बाबतीतही सहसा भरवशाचे निघतात.

चौथी जागा तारखांची. जुन्या कागदांत शक, शुहूर आणि फसली असे तिन्ही सन येतात. शकात ७८ मिळवावे, जानेवारी ते फाल्गुन अखेरचे कागद असतील तर ७९. शुहूर सनात ५९९ आणि दक्षिणी फसलीत ५९० मिळवावे. ही दोन्ही वर्षे मृगाला, म्हणजे जूनच्या सुरुवातीला बदलतात, म्हणून जानेवारी ते मे या महिन्यांसाठी आणखी एक मिळवायचा. शुहूर ११६० म्हणजे १७५९-६०. एकाच घटनेच्या दोन पुस्तकांतल्या सालांत नऊ वर्षांचा फरक आला की शुहूर आणि फसलीची गल्लत झाल्याचा संशय घ्यावा.

इनाम कमिशनपुढे दिलेल्या कैफियतींवर आधारलेला भाग वेगळा वाचावा. १८५२ च्या कायद्यानंतर इनामाचा हक्क शाबीत करायचा होता, त्यामुळे घराणे आणि सनद जितकी जुनी दाखवता येईल तितकी दाखवण्याकडे कल असे. गावे, शेते, हिस्सेदार यांची नावे त्यांत सहसा पक्की असतात. ‘थोरल्या महाराजांच्या वेळेपासून’ या शब्दांना मात्र दुसरा पुरावा मागावा.

विकत घेण्याबद्दल एक सूचना. जुन्या पुस्तकांची मागणीनुसार छापलेली स्वस्त पुनर्मुद्रणे मिळतात. त्यांत घडीचे नकाशे आणि वंशवृक्ष बहुधा घडी न उघडताच स्कॅन केलेले असतात. वंशवृक्षासाठीच पुस्तक घेत असाल तर ती घडी पूर्ण छापली आहे का हे विक्रेत्याला छायाचित्र मागून आधी विचारावे. साताऱ्याच्या आणि सांगलीच्या नगर वाचनालयांत मूळ प्रत असेल असे गृहीत धरून जाऊ नये, आधी फोन करावा. २०१९ च्या महापुरात सांगलीतली हजारो पुस्तके भिजून गेली आणि जुन्या यादीतले प्रत्येक पुस्तक आज फडताळात असेलच असे नाही.